पटमहाराजांचा पडदा

घाटंजीच्या मंगल कार्यालयात त्या वर्षी लग्नं थोडीच लागली. कापूस घराघरांत पडून होता आणि मुलींचे बाप पुढच्या सालाचं बोलत होते. पण दिवाळीनंतरच्या एका रविवारी दुपारी कार्यालय असं भरलं, की चपलांचा ढीग रस्त्यापर्यंत गेला. खाली पुरुष, वर गॅलरीत आम्ही बाया. सभागृहाचे दोन भाग करणारा भगवा पडदा, त्याच्या दोन बाजूंना दोन टेबलं आणि त्यांवर बुद्धिबळाचे पट मांडलेले.

"मले घोडा कसा चालते तेही मालूम नाही!" पटमहाराज माईकवर गरजले. "उंट कोनता, हत्ती कोनता, पोट्ट्यायले विचारा. मी खेळतच नाही. खेळते तो आत्मा!"

त्यातलं 'मी खेळतच नाही' एवढं मात्र खरं होतं, हे आम्हाला फार उशिरा कळलं.

विश्वनाथन आनंद नुकताच मेक्सिकोत जगज्जेता झाला होता. पेपर त्याच्या फोटोंनी भरले होते आणि महाराजांनी ते पेपर पाठ केले होते. "मद्रासचा आनंद अठराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला, भारतातला पयला! आंध्रची हम्पी पंधराव्या वर्षी! क्युबाच्या पोरानं चार वर्षाचा असताना बापालेच हरवलं! एका बहाद्दरानं पट न पाहता पंचेचाळीस डाव एकदम खेळले! हे मानसाचं काम हाये का? मेलेला ग्रँडमास्टर जित्याच्या अंगात शिरते, तवा होते हे. माह्याकडे रशियाचे आत्मे गंज येतात, रांगच लागते. थंडीची सवय त्यायले, इथं आले की अंग दुखते, म्हणून शाल ठेवतो."

खरोखरच खुर्चीवर एक शाल घडी करून ठेवली होती. लोक तिलाही हात जोडत होते.

एका टेबलाशी यवतमाळचे बाबूसिंग वकील बसले, बुद्धिबळातले जिल्ह्याचे चॅम्पियन. दुसऱ्याशी आमच्या शाळेतले इंद्रजित सर. "दोन आत्मे एकमेकाले दिसले तर भांडतात, म्हणून पडदा," महाराज म्हणाले. दर चालीनंतर ते पडद्याच्या या बाजूकडून त्या बाजूला जात. "आत्मा एका जागी थांबला की तापते!"

वकील हरले. उठून त्यांनी महाराजांच्या पायांवर डोकं ठेवलं आणि कार्यालय जयजयकारानं हादरलं. पलीकडे सर मात्र जिंकले. महाराजांनी मान हलवली. "मास्तरच्या मनात शंका होती. शंका आली का आत्मा उठून जाते."

"म्हणजे जिंकले तर आत्मा आणि हरले तर माझी शंका," सर बाहेर येऊन मला म्हणाले. "पण एक गोष्ट समजत नाही, विमलताई. घोडा न येणारा माणूस असा खेळत नाही. चाली चांगल्या होत्या. अगदी बाबूसिंगांच्या वळणाच्या."

हे सगळं खाली पहिल्या रांगेत, बापाशेजारी बसून पाहत होती आमची अर्पिता, माझ्या भावाची मुलगी. सरांनी तिला खेळ शिकवला होता आणि आदल्या वर्षी ती जिल्ह्यात तिच्या गटात पहिली आली होती. आता नागपूरला राज्याच्या संघाची निवड होती. तेरा वर्षांखालच्या गटातलं तिचं हे शेवटचं वर्ष.

माझा भाऊ विठ्ठल तिला महाराजांपुढे घेऊन गेला. महाराजांनी पांढऱ्या राजाला अंगारा फासून तो तिच्या मुठीत दिला. "आजपासून पटाले हात लावाचा नाही. भांडं रिकामं पाह्यजे. निवडीच्या दिवशी आत्माच तुहा हात उचलून देईल."

मी विठ्ठलला समजावलं. "अरे, आनंदला त्याच्या आईनं शिकवलं. हम्पीला तिच्या बापानं. हंगेरीच्या तीन बहिणींकडून त्यांच्या बापानं लहानपणापासून तासन्‌तास सराव करून घेतला. सर सांगत होते."

"तू तुळशीले पानी घातल्याबिगर चहा घेत नाही, दर सोमवारी मौन धरतं. अन् तूच असं बोलतं, ताई?"

"म्हणूनच बोलते. तुळस पाण्यानं वाढते, विठ्ठल. मी तिला कोरडी ठेवून आत्म्याची वाट पाहत नाही."

त्यानं ऐकलं नाही. पट माळ्यावर गेला.

नागपूरला सर सोबत होते. त्यांनी जे सांगितलं ते माझ्या मनातून जात नाही. समोरच्या मुलीनं पहिली चाल केली. बाजूला घड्याळ असतं, ज्याची पाळी त्याचा वेळ त्यात सरत जातो, आणि वेळ संपला की डाव गेला. अर्पिता हात मांडीवर ठेवून, मुठीत तो राजा धरून बसली. वाट पाहत. हात कुणी उचलेना. सरांना लांबूनच पाहावं लागत होतं, बोलायची परवानगी नव्हती. तिचा वेळ संपला. एकही सोंगटी न हलवता ती पहिला डाव हरली. पुढचे डाव ती रडत खेळली.

"पोट्टीनं शंका घेतली," महाराजांनी निकाल दिला.

त्यांचा दुसरा प्रयोग लागला सोमवारी. वकील आता भक्त म्हणून बसले. सर बसले ते या चालींमागचा खरा खेळणारा माणूस काहीही करून ओळखायचाच म्हणून. आणि अर्पिताला खाली जागा नव्हती. शंकेचा डाग लागलेली पोरगी आत्म्यापुढे नको, म्हणून ती वर आली, माझ्याजवळ.

गॅलरीतून पडद्याच्या दोन्ही बाजू दिसतात. आम्हा बायांनी पहिल्या दिवशीही दोन्ही पट पाहिले होते. पण आमच्यापैकी कुणाला डाव कळतो? महाराजांचा हिशेब तोच होता.

थोड्या वेळानं अर्पिता कठड्याला चिकटली. मग पुटपुटली, "सरांनी उंट काढला. आता महाराज तिकडे उंट काढतीन."

महाराज पडद्यापलीकडे गेले आणि त्यांनी वकिलांपुढे उंट काढला.

"वकिलांनी काठाचं प्यादं ढकललं. आता सरांपुढे तेच."

तेच झालं. शेजारच्या तुळसाबाईंनी ऐकलं आणि हातच जोडले. "बाप्पा! पोट्टीच्या अंगात आलं वो! घडाच्या आधीच बोलून राह्यली!" बाया अर्पिताच्या पाया पडू लागल्या.

"अंगात नाही आलं वो काकू!" ती रडकुंडीला आली. "दोन्हीकडे एकच डाव हाये! महाराज इकडचं तिकडे उतरवून राह्यले, पेपरात कॉपी करतात तसं!"

खाली टाळ-मृदंग चालू होता. कुणाला ऐकू गेलं नाही. माझं मौन सूर्य मावळेपर्यंत होतं. पण पडद्याची दोरी आमच्याच कठड्याला बांधलेली होती. मी गाठ सोडली.

पडदा खाली आला. टाळ थांबले. सर उठून वकिलांच्या टेबलाशी गेले, तिथला पट पाहिला, मग वळून आपला. सोंगटीला सोंगटी तीच.

"वकीलसाहेब," सर म्हणाले, "खेळून राह्यलो आपण दोघंच. माझी चाल हे तुमच्यापुढे करतात, तुमची माझ्यापुढे. मधले नुसते पोस्टमन. आपल्यात जो हरेल त्याला महाराजांनी हरवलं, जो जिंकेल त्याच्या मनात शंका."

"अन् बरोबरीत सुटलं तर?" कुणीतरी विचारलं.

"मग दोन्ही आत्म्यांनी हात मिळवले!"

वकिलांचा चेहरा पडला. "म्हणजे त्या दिवशी मले तुम्ही हरवलं?"

"मीच. आणि मलाही कळलं नाही."

वरून अर्पिता ओरडली, "महाराज, आता पडद्याबिगर एक चाल खेळून दाखवा! घोड्याची!"

महाराजांनी घोड्याला हात घातलाच नाही. "पडदा पडला, आत्मा जळाला! कोन्या बाईनं गाठ सोडली?" मी काही बोलले नाही. सूर्य अजून मावळला नव्हता.

लोक चिडले असतील असं वाटतं ना? काही हसले. काहींनी त्या भगव्या पडद्याच्या चिंध्या फाडून प्रसाद म्हणून घरी नेल्या. महाराज पुढे मुकुटबनला गेल्याचं ऐकलं. तिथंही गर्दी होते. फरक एवढाच, की आता बायांना आत येऊ देत नाहीत.

विठ्ठल अजून म्हणतो, गाठ सुटली नसती तर पोरीचं भलं झालं असतं. राज्याच्या संघातली ती जागा दुसऱ्या मुलीला मिळाली आणि अर्पिताचं तेरावं वर्ष सरलं. ती पुन्हा सरांशी खेळते. पण चाल करताना तिचा हात पटावर मध्येच थांबतो, कुणी उचलण्याची वाट पाहिल्यासारखा. परवा तिनं विचारलं, "आत्या, तेव्हा जिल्ह्यात मीच जिंकली होती ना?"

महाराजांनी नेलं ते हे. तिची जागा गेली त्याचं दुःख आहेच, पण आपला विजय आपलाच होता का, हे विचारायची पाळी बारा-तेरा वर्षांच्या मुलीवर यावी?

मी देवाला मानते, पुढेही मानीन. माझ्या देवाला पडदा लागत नाही. म्हणून हात जोडून सांगते, कुणी पडदा लावून चमत्कार दाखवत असेल तर पडदा काढायला सांगा आणि दोन्ही बाजू एकदम पाहा. नकार मिळाला तर मुलांचा हात धरून घरी या. त्यांना शिकू द्या, हरू द्या, पुन्हा मांडू द्या.

"तूच जिंकली होतीस," मी अर्पिताला म्हटलं. "तुझ्याच हातानं."

तिनं हाताकडे पाहिलं. मग घोडा उचलला.