नळकाकांची शिरगणती

समितीने बाईंचं विधेयक कामकाजपत्रिकेत घातलं खरं, पण कुठे? शेवटच्या दिवशी, सगळ्यात शेवटी! वर समितीचा प्रमुख म्हणतो, "नंबर लागलाय ना बाई, आता आनंद माना." अहो, कसला डोंबलाचा आनंद? त्या संध्याकाळी सहाला सभागृहाची मुदतच संपत होती. तोवर ज्याचं मतदान सुरू झालं नसेल ते विधेयक मेलं. मग निवडणूक, नवं सभागृह आणि पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

निवडून येण्याआधी त्या शाळेत शिकवायच्या, म्हणून सभागृहातही सगळे त्यांना बाईच म्हणत. विधेयक अगदी साधं होतं. बाळ जन्मलं की दवाखान्यातून घरी सोडण्याआधी त्याचे कान तपासायचे. बाईंच्या धाकट्या बहिणीच्या लेकीचे कुणी तपासले नव्हते. पोर हाकेला ओ देईना, तर घरातले म्हणायचे, हट्टी आहे. तिला ऐकूच येत नाही हे कळायला चार वर्षं गेली. बहीण अजून रडते, "ताई, मी त्यासाठी मारलंय गं तिला." आज ती लेकीला घेऊन वर गॅलरीत बसली होती.

बाईंच्या आधी एकच विधेयक उरलं, तलावांतल्या गाळाचं. त्यावर बोलायला उभे राहिले नळकाका. विरोधी बाकांवरचे सगळ्यात जुने सभासद. एकदा सुटले की बंद होत नाहीत, म्हणून हे नाव. त्यांची खोड सगळ्यांना ठाऊक. बोलायला उठले की कानातलं यंत्र काढून समोर ठेवायचे. मग अध्यक्ष घंटा बडवोत नाहीतर ढोल, काका आपले निवांत! बाईंनी सकाळीच कँटीनमध्ये गाठून त्यांना सगळं सांगितलं होतं, हात जोडले होते. चहा ढवळत काका एवढंच म्हणाले, "बोलणं हे माझं काम आहे, बाई."

सहा वाजत आले होते. काकांचा हात कानाकडे गेला आणि बाईंनी कपाळावर हात मारला. झालं, बुडालो!

काकांनी यंत्र नुसतं नीट बसवलं. "गाळ काढावा. माझा पाठिंबा आहे," म्हणाले आणि चक्क खाली बसले. "अरे, नळाचं पाणी गेलं की काय?" कुणीतरी म्हणालं, तसा हशा उसळला.

गाळाचं विधेयक झटक्यात मंजूर झालं आणि अध्यक्षांनी बाईंचं पुकारलं. बाई जेमतेम दोन वाक्यं बोलल्या. बाजूने असतील त्यांनी 'होय' म्हणावं, असं अध्यक्षांनी सांगताच मोठ्ठा होय उठला. विरोधात कुणी चकार शब्द काढला नाही. आता 'मंजूर' एवढंच म्हणायचं होतं, तोच काकांचा आवाज आला, "हरकत! शिरगणती घ्या. उभं करून मोजा."

बाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तोंडाशी आलेला घास हा माणूस काढून घेतो म्हणजे काय! वळून त्या ओरडल्याच, "काका, काय वाकडं केलंय हो मी तुमचं?"

"गप बसा हो बाई. मतदान सुरू झालंय, आता सहा वाजोत की सात, कुणाचा बाप अडवत नाही. एवढी वर्षं इथे मी काय झोपा काढल्या?" मग काकांनी गॅलरीकडे बोट केलं. "वर पोर बसलीये. आपला होय तिला ऐकू गेला का? दिसू दे की तिला."

अध्यक्षांनीही वर पाहिलं. मग म्हणाले, "बाजूने असतील त्यांनी उभं राहावं."

बाकं खडखडली. दोन्हीकडची माणसं उठली, समितीचा प्रमुखसुद्धा. वर पोर कठड्याला धरून खाली बघत होती. काय चाललंय ते तिची आई हातांनी सांगत होती. ते कळलं तशी पोरही ताठ उभी राहिली.

एकही मत विरोधात पडलं नाही. बाई बाकांमधून वाट काढत काकांपाशी गेल्या. डोळे वाहत होते, पुसायचं भान नव्हतं. "काका, तुमचे उपकार मी..."

"हे असलं मला नाही ऐकवत," म्हणत काकांनी यंत्र काढलं आणि समोर ठेवून दिलं.

मग बाईंनी भाचीने शिकवलेली आभाराची खूण केली, हनुवटीपासून हात पुढे नेत. काकांनी मान खाली घातली आणि बराच वेळ चष्मा पुसत राहिले.