सोनाजीची पहिली सही

आकांक्षा अजून बँकेत रुजू झाली नव्हती, पण रोज दुपारी ती बँकेत जाऊन येई. साखरा गावातल्या घरात खिडकीपाशी बसून डोळे मिटले की झालं. समोर काच, काचेपलीकडे रांग, आणि आत येणाऱ्या प्रत्येक हाताला ती नावानं ओळखी. उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग म्हणतात, त्यातलाच प्रकार. पण बाशिंग गुडघ्याला बांधलं म्हणून त्याचा आनंद काही खोटा नसतो.

पूर्णामाई सहकारी बँकेच्या क्लार्कच्या परीक्षेत ती चौथी आली होती. मात्र संचालकांनी आपलेच भाचे-पुतणे भरले अशी तक्रार झाली होती, आणि निबंधकांनी, म्हणजे अशा बँकांवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी साहेबांनी, अख्खी भरतीच रद्द केली. सुक्याबरोबर ओलंही जळालं. मग चौतीस पोरापोरींनी मिळून हायकोर्ट गाठलं. साहेबांनी केलं ते कायद्यात बसतं का, तेवढं तपासा, एवढीच त्यांची मागणी. आकांक्षाचं वय श्रावणात अटीबाहेर जाणार होतं. ही नोकरी गेली की गेली.

आज शेवटची सुनावणी मोबाइलवर दिसत होती. अंगणात माघाचं पिवळं ऊन पसरलेलं. वडील, सोनाजी, उंबऱ्यापाशी अंबाडीची दोरी वळत बसले होते. इंग्रजी आवाज येत होते, विरत होते, दोरीची सळसळ चालली होती, आणि ऐकता ऐकता आकांक्षाचा डोळा लागला. काचेपलीकडची रांग सावकाश हलू लागली. आज सगळ्यात पुढं बाबाच उभे होते, धुवट सदरा घालून. एक कागद पुढं करत होते.

तेवढ्यात मोबाइलमधून न्यायमूर्तींनी तक्रारदाराचं नाव वाचलं. सोनाजी ग्यानोबा खिल्लारे, राहणार साखरा.

ती जागी झाली. दोरीची सळसळ थांबली होती.

"बाबा, हे काय?"

सोनाजी वळलेली दोरी पुन्हा उलगडू लागले. "परीक्षेच्या निकालाआधीची गोष्ट हाय, माय. गावातल्या गोपीचंदानं तक्रारीचा अर्ज आणला. म्हणला, नोकऱ्या आधीच वाटून झाल्या, आपल्या लेकरायला कोन घेते? मलेबी खरंच वाटलं. पहिली सही करायला कोनी धजंना. मी म्हणलं, आना इकडं, मले येते सही."

येतच होती. आकांक्षानंच शिकवली होती ती, चौथीत असताना, बाबांचं बोट धरून पाटीवर. तिला रडू फुटलं. राग बाबांचा आला की त्या पाटीचा, हेच तिला कळेना.

"वर्षभर बोलले काहून न्हाई?"

"तू खिडकीत बसून एकटीच हसत राहायचीस. कसं सांगू?"

कोर्टानं निकाल सांगितला. भरतीवर नजर ठेवायचा अधिकार साहेबांना आहे, पण खरे कोण, खोटे कोण हे न निवडता सगळ्यांनाच घालवायचा नाही. त्यांचा हुकूम रद्द. तक्रारदार आणि उमेदवार दोघांचं ऐकून आठ आठवड्यांत पुन्हा ठरवावं. म्हणजे एकाच टेबलाच्या एका बाजूला बाप आणि दुसऱ्या बाजूला लेक.

"तक्रार मागं घेतो," सोनाजी म्हणाले. "लिही."

आकांक्षानं वही काढली. काचेमागची खुर्ची हाताला लागेल इतकी जवळ आली. बाबांची एक सही, की ती आपली. पण मग भाचे-पुतणेही शेजारच्या खुर्च्यांवर येऊन बसणार होते, आणि बाबा आयुष्यभर लबाड ठरणार होते. ती लिहीत गेली. लिहून झाल्यावर तिनं वाचून दाखवलं.

"माझी तक्रार कायम आहे. प्रत्येक उमेदवाराचा पेपर पुन्हा तपासावा. सुरुवात माझ्या मुलीपासून करावी."

सोनाजींनी मान वर केली. "आन् त्यात तू मागं पडलीस तर?"

"न्हाई पडत, बाबा. करा सही."

त्यांनी दोरी बाजूला ठेवली, हात सदऱ्याला पुसले आणि पाटीवर करत तशी, एकेक अक्षर तोंडानं म्हणत, सही केली.