रंगारपुऱ्याची पाच पानं

धुळ्यात पांझरेच्या काठी रंगारपुरा म्हणून तीस-पस्तीस घरांची वस्ती होती. शहर चहूबाजूंनी वाढत गेलं आणि पुरा मधोमध सापडला. १९५७ साली बाजारातून नदीकडे सरळ रस्ता काढायचं ठरलं, तेव्हा आखणीची रेघ नेमकी पुऱ्यातल्या दगडी हौदावरून गेली. हौद जुना आणि वापरातला ठरला तर रस्ता वळवता येईल, असं इंजिनियरसाहेब म्हणाले, आणि पुऱ्याची हकिकत लिहून आणायचं काम त्यांनी चुडामणला दिलं. चुडामण नगरपालिकेत कारकून होता, आणि जन्मला याच पुऱ्यात.

त्याला हुरूप आला. पुऱ्यातले शेवटचे रंगारी झुलालनाना, सत्तरी ओलांडलेले. त्यांच्यापाशी तो तीन संध्याकाळी जाऊन बसला. नानांनी सगळं सांगितलं. आल नावाच्या झाडाच्या मुळ्यांचा लाल रंग, वाळूवर पसरलेली लुगडी, सात घरांनी मिळून बांधलेला हौद. पहिला दगड चुडामणच्या आजोबांनी, तापीराम रंगाऱ्यांनी बसवला होता.

"दुष्काळमा बठ्ठं गाव कोरडं व्हतं, पन आपला हौद नही आटना," नाना म्हणाले. "जो उना त्याले पानी भेटनं."

चुडामणनं सुवाच्य अक्षरात चार पानं लिहिली.

मग मोजणी आली. साखळीचं एक टोक चुडामणनं धरलं, दुसरं वनानं. वना पन्नाशीचा मजूर, नाल्यापलीकडच्या, गावानं कायम दूर ठेवलेल्या वस्तीतला.

"वनाभाऊ, हौदाच्या ओट्यावर चढा. टोक भिंतीला लावा."

वना खालच्या पायरीशीच थांबला. वाकून, हात लांबवून त्यानं टोक टेकवू पाहिलं. हातभर कमी पडलं.

"चढा ना. आता कोण अडवतंय?"

"कोन्ही नही. पाय उठस नही."

चुडामणनं कारण विचारलं, तेव्हा वनानं सांगितलं. १९१८, मानमोडीच्या तापाच्या साथीचं साल. पाऊस दगा देऊन गेलेला, नाला आटलेला. वना तेव्हा अकरा वर्षांचा, धाकटी बहीण तापानं फणफणलेली. आई घागर घेऊन या पायरीशी उभी राहिली. त्यांच्या वस्तीनं हौदाला शिवायचं नाही, पुऱ्यातल्या कुणी तरी वरून पाणी ओतायचं, अशी रीत होती. त्या दिवशी कुणी ओतलं नाही. दुपारी तापीराम रंगारी बाहेर आले, साथ इकडे नको म्हणून पायऱ्यांवर बाभळीचे काटे टाकले आणि आत गेले. दिवस मावळायच्या आत बहीण गेली.

"तुन्हा आजा व्हता," वना म्हणाला. आवाजात राग नव्हता. साखळी गोळा करत त्यानं पुढच्या कामाचं विचारलं, "आखो मोजनं शे का?"

त्या दिवसापासून चुडामणला चैन पडेना. जेवायला बसला की ताट निवून जाई. कचेरीत तो आकडे चुकवी, उठून खिडकीशी जाई, परत येई. बायको लताबाईनं दोनदा विचारलं, दोन्ही वेळा तो काही नाही म्हणाला. शेवटी तो नानांकडे गेला.

नाना पायाच्या अंगठ्यानं जमीन टोकरत बसले. मग म्हणाले, "काटा मीच तोडी लयनू व्हतू."

"मग सांगितलं का नाही, नाना?"

"सांगीसन काय व्हई? लिखू नको, चुडामण. लिखशी ते हौद बी जाई अन् पुरानं नाव बी जाई."

चुडामणनं पाचवं पान लिहिलं, फाडलं, आणि पुन्हा लिहिलं.

नगरपालिकेच्या सभेच्या दिवशी पुऱ्यातले झाडून सगळे आले होते. चुडामणनं चार पानं वाचेस्तोवर माना डोलत राहिल्या. पाचवं सुरू झालं तसे नाना उठले आणि कुणाचा आधार न घेता बाहेर गेले. त्यांच्यामागून आणखी चार-पाच जण निघाले. एका सभासदानं विचारलं, "हे वाचायची गरज होती का?"

"हकिकत पुऱ्याची मागितली होती, साहेब," चुडामण म्हणाला. आणि त्यानं पान शेवटपर्यंत वाचलं.

हौद जुना ठरला, वापरातलाही. रस्ता पंधरा फूट वळवायचा ठराव झाला.

चुडामण तडक वनाकडे गेला. वना अंगणात दोर वळत होता. त्यानं सगळं ऐकून घेतलं.

"आजानं नाव लिखं?"

"लिहिलं."

"अन् मन्ही बहीननं?"

चुडामणच्या लक्षात आलं, की तिचं नाव आपण विचारलंच नव्हतं.

"मोती," वना म्हणाला आणि पुन्हा दोराकडे वळला.

दुसऱ्या दिवशी चुडामणनं फाईल मागितली. ती मंजुरीसाठी नाशिकला रवाना झाली होती. त्यानं मोतीचं नाव घातलेला पुरवणी कागद लिहून टपालानं धाडला, महिन्यानं आणखी एक धाडला. उत्तर आलं नाही.

दोन वर्षांनी रस्ता झाला, हौदाला वळसा घालून. नाना चुडामणशी अखेरपर्यंत बोलले नाहीत. पुऱ्यात तो गेला की ओट्यावरची माणसं गप्प होत. वना रस्त्यात भेटला तर थांबून हालहवाल विचारी, मोतीच्या नावाच्या कागदाचा विषय मात्र कधी काढत नसे. आणि कचेरीत टपालवाला आला की चुडामण हातातलं काम टाकून उठे.