सरकवलेला शंकू

सगळे चहाला गेले तेव्हा स्टंट मास्टरने गुपचूप शंकू हात-दीड हात डावीकडे सरकवला. रस्त्याच्या कामावर ठेवतात तसलाच लाल प्लास्टिकचा शंकू. पण गाडी नेमकी कुठे गर्रकन वळवायची, हे ड्रायव्हरला त्याच्यावरूनच कळतं. मागचं चाक त्याला चाटून गेलं पाहिजे. उद्या शूटिंगला शंकूपलीकडे सहा पावलांवर हिरोईन उभी राहणार होती.

गाडी चालवणार होता बुटका, मास्टरचा तीस वर्षांचा जोडीदार. दोघांनी मिळून सिनेमासाठी किती गाड्या उलथवल्या नि किती हाडं मोडून घेतली, मोजदाद नाही. पुढे एक मास्टर झाला, सगळ्यांच्या जिवाची जबाबदारी त्याच्या गळ्यात पडली, आणि त्याच्याशी चार शब्द धड बोलणारं कुणी उरलं नाही. चारचौघांत बुटकासुद्धा 'अहो मास्टर' म्हणायचा. ते मास्टरला फार लागायचं, पण सांगणार कुणाला?

आठ दिवस त्याच्या मनात पाल चुकचुकत होती. हल्ली बुटका गाडीच्या दाराची कडी हाताने चाचपून शोधत होता.

चहानंतर सराव झाला. गाडी धूळ उडवत आली आणि अशी झोकात वळली की पोरांनी टाळ्या पिटल्या. मास्टर मात्र खाली वाकून जमीन बघत होता. चाकाची खूण शंकूच्या जुन्या जागेला चाटून गेली होती, अगदी बिनचूक.

त्याने बुटक्याला व्हॅनमागे नेलं.

"शंकू मी हलवला होता."

"वर्ष झालं," बुटका म्हणाला. "उजवा डोळा गेलाच, डाव्यालाही धूसर दिसतं. जागा आधी पावलांनी मोजून ठेवतो, मग अंदाजाने चालवतो."

"अरे गाढवा, कुणाचा तरी जीव गेला असता! मला सांगता येत नव्हतं?"

"चुकलंच माझं. रोज तुझ्या खोलीपर्यंत यायचो, दार बंद बघून परत फिरायचो. पण तू? तीस वर्षांनी माझी परीक्षा घेतलीस, तीही चोरून. विचारलं असतंस तर सांगितलं असतं रे."

मास्टरला स्वतःची लाज वाटली. तरी बोलायचं ते बोलावंच लागलं. "आजपासून गाडीला हात लावायचा नाही."

"बरं."

"थांब जरा, घरी सोडतो."

"नको मास्टर, बसने जाईन."

इथे तर दोघांशिवाय कुणीच नव्हतं, तरी 'मास्टर'! त्या तिरीमिरीत तो बोलून गेला, "बसचा नंबर तरी दिसणार आहे का तुला?"

"विचारीन कुणाला तरी," बुटका शांतपणे म्हणाला. "अनोळखी माणसंही सांगतात."

तो फाटकाकडे चालू लागला. हाक मारायला मास्टरने तोंड उघडलं, तेवढ्यात मैदानातून कुणीतरी ओरडलं, "मास्टर, उद्या गाडी कोण चालवणार?"

"मीच," तो म्हणाला. दुसरं होतं कोण?