मिक्सिंगची चूक

रुखसारने बाल्कनीच्या ओल्या कठड्यावर बोट टेकवलं आणि ते दिव्याखाली धरलं. हिरवट. कालही रंग हिरवटच होता. वाळला की निळा पडेल, अशी स्वतःची समजूत घालून ती घरी गेली होती. आज तिने दुसरा हात मारला होता.

"छान आलाय," मागून मनाना म्हणाल्या. "असाच राहू दे."

मनाना सहासष्ट वर्षांच्या. जॉर्जियात, तिबिलिसीत त्यांनी एकतीस सिनेमांचे सेट उभे केले होते. शहरात वीज नसायची त्या हिवाळ्यांत खोक्यांच्या फळ्या आणि पडद्यांची अस्तरं जोडून त्यांनी राजवाडा बांधला होता, आणि शूटिंग संपल्यावर तोच फोडून सगळं युनिट शेकत बसलं होतं. या खेपेच्या जॉर्जियन सिनेमात पैसा इथला होता, म्हणून तिबिलिसीतलं एक जुनं घर दुबईजवळच्या रास अल खैमातल्या एका गोदामात उभं राहत होतं.

रुखसार दापोलीकडची. बारा वर्षं ती इथे प्रदर्शनांचे स्टॉल रंगवत आली होती. सिनेमाचं काम हे पहिलंच. तीन आठवडे मनाना तिच्यासमोर कधी कापड, कधी फरशीचा तुकडा धरून मोडक्या इंग्रजीत विचारायच्या, "हा रंग कुठला? नीट सांग." बाई परीक्षा घेतायत, असं तिला वाटायचं. परवा पडद्याचं विटकरी कापड बघताना तिच्या तोंडून चुकून 'राखाडी' निघून गेलं. मनानांनी मान डोलावली आणि वहीत लिहून घेतलं, राखाडी. त्या दिवसापासून तिने रंग सांगताना चूक केली नव्हती. पण बाल्कनीचं मिश्रण मनानांनी स्वतःच्या हाताने केलं होतं.

प्रॉडक्शन मॅनेजर परेश फोन कानाला लावूनच आत आला आणि कठड्यापाशी थबकला.

"रुखसार, हे काय? डायरेक्टरच्या फोटोत बाल्कनी ब्लू आहे. ही चक्क ग्रीन! परवा शूट आहे. पास कुणी केला हा कलर?"

मराठी कळत नसलं तरी मनानांना 'ग्रीन' कळलं. त्यांनी चष्मा काढला. "परेश, मला तुला..."

"मिक्सिंग माझं चुकलं," रुखसार घाईघाईने इंग्रजीत म्हणाली. "मॅडमनी निळाच सांगितला होता."

"मग संध्याकाळपर्यंत रिपेंट करा. पुन्हा असं झालं तर खलास, मला दुसरा पेंटर बघावा लागेल."

तो गेला. मनाना प्लायच्या जिन्यावर बसल्या.

"मॅडम, चहा आणू?"

"बस इथे."

रुखसार खालच्या पायरीवर बसली.

"मी आज त्याला सांगणार होते," मनाना म्हणाल्या. "डॉक्टरने निघतानाच सांगितलं होतं, डोळ्यांचा पडदा जातोय. एक शेवटचा सिनेमा होईल, असं वाटलं. रोज सकाळी गाडीत बसलं की ठरवायचे, आज सांगायचं. आज तोंडापर्यंत आलं होतं."

रुखसारने वर बघितलं. "मला वाटलं, तुमचं नाव..."

"नाव एकतीस वेळा आलंय." त्या रागावल्या नव्हत्या. फार लांबून चालत आलेल्या माणसासारख्या दिसत होत्या. "तू चांगल्या मनानेच केलंस. पण आता मला परत सगळा धीर पहिल्यापासून गोळा करावा लागेल."

पलीकडे कुणीतरी करवत सुरू केली, बंद केली. रुखसार उठली.

"चला मॅडम. आत्ताच. मी येते बरोबर."

"खोटं बोललीस म्हणून तुला ओरडेल."

"ओरडू दे."

मनानांनी वही पायरीवरच ठेवली आणि तीन आठवड्यांत पहिल्यांदाच रुखसारचा दंड धरला. परेशचं ऑफिस गोदामाच्या दुसऱ्या टोकाला होतं. वाटेत केबली आणि फळ्या पसरल्या होत्या. सेटवरची माणसं बघत होती. रुखसारने पावलं लहान केली आणि पायाखाली जे येईल ते हळू आवाजात सांगू लागली.

"केबल," ती म्हणाली. मग थोड्या वेळाने, "आता पायरी."