पंखात राहिलेली सुई

मी जुनी आहे, सुई आहे, आणि चांगली वीतभर लांब आहे. एवढी मोठी सुई कशाला, असं तुमच्या मनात आलंच असेल. गोणपाट शिवायला? नाही, मित्रांनो. मी विमानं शिवली आहेत.

खोटं वाटलं तरी तुमचा दोष नाही. परवापरवापर्यंत मी ज्या काचेच्या कपाटात पडून होते, तिथल्या चिठ्ठीवरसुद्धा लिहिलं होतं, 'मांस भाजायची सळई'. इतकी वर्षं मी ती चिठ्ठी उलटीकडून वाचली आणि गप्प बसले. सुईला तोंड नसतं, नुसतं नेढं असतं.

आमचं गाव अमेरिकेतल्या कॅन्ससमधलं, लिटल अर्कान्सा नदीच्या काठचं. चहूकडे गहू, आणि गव्हावरून दिवसभर धावणारा वारा. इथे ट्रॉब्रिज नावाचे दोन भाऊ मळणीयंत्रं दुरुस्त करायचे. वाऱ्याकडे बघून बघून धाकट्याच्या डोक्यात उडायचं खूळ शिरलं, आणि त्याला समजवायला गेलेल्या थोरल्याच्या डोक्यातही ते शिरलं. मळणीयंत्रांच्या गोदामात त्यांनी पहिलं विमान बांधलं. लाकडाचा कणा, लाकडाच्या बरगड्या, वरून सुती कापड. नाव ठेवलं 'किलडीअर'.

किलडीअर हा आमच्या माळावरचा पक्षी. घरट्यापाशी कुणी आलं की तो पंख मोडल्याचं सोंग घेतो, फरफटत लांब जातो, वैऱ्याला आपल्यामागे ओढून नेतो. पिल्लं वाचली, की भुर्रकन उडतो.

गाव खो खो हसलं. "अहो ट्रॉब्रिज, एवढ्या पाखरांत तुम्हाला हेच सापडलं? मोडक्या पंखाचं?"

"मोडका नाही हो, मोडका दाखवतं ते!" थोरले ट्रॉब्रिज चिडून म्हणायचे.

पण पहिल्या किलडीअरचा पंख खरंच उसवला. त्याचे टाके घोड्यांची खोगिरं शिवणाऱ्या माणसांनी घातले होते. हात दणकट, पण टाके लांब लांब. वाऱ्याने कापड फुगवलं आणि विमान गव्हात जाऊन बसलं. मग एका रविवारी थोरल्या साहेबांनी मेनोनाइट, म्हणजे साधं राहणाऱ्या आणि लढाई पाप मानणाऱ्या ख्रिस्ती मंडळीच्या चर्चबाहेर वाळत घातलेली गोधडी पाहिली. टाका टाक्याला चिकटलेला, मुंग्यांची रांगच जणू. त्यांनी खिशातली पट्टी काढून टाके मोजले म्हणे. सोमवारी कारखान्याच्या दारावर पाटी लागली: 'गोधडी शिवणाऱ्या बायका पाहिजेत.'

त्या पाटीमुळेच मी जन्माला आले. गावच्या लोहाराने पोलादी तार तापवली, ठोकली, टोक काढलं, नेढं पाडलं. आम्ही बारा बहिणी. शिवणखात्याच्या भिंतीवर एक फळी होती, तिला बारा भोकं होती, आणि प्रत्येकीचं भोक ठरलेलं. संध्याकाळी टॅगर्टबाई येऊन फळी बघायच्या. त्या खात्याच्या प्रमुख. त्यांचा नियम एकच होता. भोक रिकामं दिसलं, की ती सुई वापरणारीचं काम सुटलं.

पंख कसा शिवतात, सांगू? आधी कापड ताणून बसवायचं, रोगणाचा एक हात द्यायचा. मग पंख काठावर उभा करायचा. अलीकडे एक बाई, पलीकडे एक. अलीकडचीने मला आत खुपसायचं, पलीकडचीने ओढून घ्यायचं, बरगडीला वळसा देऊन परत पाठवायचं, मग अलीकडचीने गाठ मारायची. दिवसभर दोघींना एकमेकींचं तोंड दिसत नाही. दिसते ती फक्त मी, येणारी आणि जाणारी. म्हणून त्या गायच्या. शब्द त्यांच्या बोलीतले, पण चाल इतकी तुमच्या जात्यावरची, की मी ते तुमच्याच ओवीत सांगते:

*अलीकडून मी टोचते, पलीकडून तू ओढते,*
*मधे आभाळ जोडते, दोघींचं गं.*

अलीकडची माझी मलिंडा गॉर्टझन. मेनोनाइट मंडळीतून कारखान्यात आलेली पहिली मुलगी. आभाळ देवाने पाखरांना दिलंय, तू कशाला तिथे लुडबुडतेस, असं मंडळीतले वडीलधारे म्हणाले होते. तिच्या मागे तिच्या दोन बहिणी यायला टपलेल्या होत्या. मलिंडाचं नीट चाललं, तर त्यांना परवानगी मिळणार होती. पलीकडची ऑपल स्टाइल्स. तिची जीभ माझ्याहून टोकदार.

"मलिंडे, आज तरी हास की! पंख शिवतेयस, कफन नाही."

"गाठ मोजतेय गं. हसले तर चुकेन."

"तू चुकशील? मग नदी उलटी वाहील!"

आणि एक माणूस होता, एमेट सेल्स. प्रत्येक नवं विमान पहिल्यांदा तोच उडवायचा. उडण्याआधी तो शिवणखात्यात यायचा, टोपी काढायचा, आणि ज्यांनी ते पंख शिवले त्यांच्यासमोर उभा राहून एकच प्रश्न विचारायचा, "शिवण पक्की?" दोघी म्हणायच्या, "पक्की." मग मलिंडाच्या डब्यातला एक दोनमजली पाव, एका गोळ्यावर दुसरा बसवून भाजलेला, उचलायचा आणि जायचा. त्या शब्दाशिवाय तो विमानात पाय ठेवत नसे.

मला मात्र एका गोष्टीची फार हुरहुर. इतके पंख शिवले, पण ते पुढे जातात कुठे? वर गेल्यावर माझ्या टाक्यांना कसं वाटतं? दार उघडलं की एक आवाज लांब लांब जायचा, आणि मी फळीच्या भोकात.

सन एकोणीसशे छत्तीस. ओक्लाहोमाच्या एका वैमानिक शाळेने चार किलडीअर मागवली होती. शनिवारचा दिवस, दुपारचा भोंगा झाला. बाहेर मलिंडाचे वडील ट्रक घेऊन खोळंबले होते. तिने शेवटची गाठ मारली, दोरा तोडला, आणि बरगडीला लागून मला कापडात खोचून निघून गेली.

मित्रांनो, हा तिचा निष्काळजीपणा नव्हता, उलट ही तिची शिस्त होती. गोधडी शिवणारी बाई उठताना सुई गोधडीतच खोचून ठेवते. उद्या पुन्हा तिथूनच सुरुवात करायची, म्हणून. लहानपणापासूनची सवय. घाईत हात गोधडीचा झाला, आणि पंख पंख आहे हे विसरला.

टॅगर्टबाई त्या दिवशी दाढ काढायला गेल्या होत्या. फळी कुणी पाहिलीच नाही. माणसं आली, त्यांनी पंख आडवा केला, आणि मी माझ्याच वजनाने सुळकन आत घसरले. वरून टाक्यांवर पट्टी बसली. मग रोगणाचे हात, एकावर एक.

पंखाच्या आत काय असतं, कधी विचार केलाय? मी केला होता, आणि आता बघत होते. कापडातून झिरपणारा उजेड मधासारखा. बरगड्यांची रांग थेट टोकापर्यंत, चर्चच्या छतासारखी. लाकडाचा, रोगणाचा वास. आणि मधून गेलेली एक पोलादी तार, एका छोट्या कप्पीवरून वळलेली. ही तार ओढली की पंखाच्या मागच्या कडेची झडप हलते आणि विमान वळतं. मी घरंगळत गेले ती त्या कप्पीशेजारी. तार हलली की कप्पी फिरायची, आणि माझं टोक तिच्यापासून बोटभर लांब.

मला भीती वाटायला हवी होती. पण खरं सांगते, मला आनंद झाला. आता मी उडणार! मी कप्पीत अडकले तर तार जाम होईल आणि विमान वळणारच नाही, हे कळायला मला दोन दिवस लागले.

बाहेर काय झालं, ते मी नंतर दोघींच्या बोलण्यातून ऐकलं. सोमवारी मलिंडाने फळीकडे हात नेला आणि तिचा हात तिथेच थांबला.

"ऑपल, माझी सुई!"

"हळू! कुठे ठेवलीस?"

मलिंडाला आठवलं. तिचा चेहरा कापडाहून पांढरा पडला. ऑपलने आपल्या खणातून एक जुनी सुई काढली आणि रिकाम्या भोकात बसवली.

"झालं. बारा भोकं, बारा सुया. आता तोंड शिव."

"आणि पंखातली?"

"अगं, एवढ्या मोठ्या पंखात एवढीशी सुई. कुठे तरी कोपऱ्यात बसेल बापडी. तुला काम हवंय की नकोय? बहिणींचं बघ."

मलिंडाने त्या दुसऱ्या सुईत दोरा ओवला. चार दिवस ती गायली नाही. शुक्रवारी चारही विमानं गवतावर उभी राहिली, आणि एमेट आला. टोपी काढली.

"शिवण पक्की?"

"पक्की," ऑपल म्हणाली.

मलिंडा काहीच बोलली नाही. एमेट थांबला. पावाच्या डब्याकडे गेलेला हात त्याने मागे घेतला.

"मलिंडा? पाव शिळे आहेत की शिवण?"

"नाही," ती म्हणाली. मग मोठ्याने, सगळ्या खात्याला ऐकू जाईल असं म्हणाली, "पक्की नाही. माझी सुई आत राहिलीय."

थोरले ट्रॉब्रिज धावत आले. "कुठल्या पंखात?"

"ठाऊक नाही, साहेब. शनिवारी गेलेल्यांपैकी एकात."

"आठ पंख आहेत बाई! आठही फाडू? उद्या पोचवायचीत ती!"

"एकच फाडायचा आहे, साहेब. मला हात लावू द्या."

टॅगर्टबाई काहीतरी बोलणार होत्या, पण एमेटने हात वर केला. "लावू द्या. उडायचंय मला, तुम्हाला नाही."

मलिंडा गवतावरून चालत गेली. पहिल्या पंखावर तळहात ठेवला, डोळे मिटले. पट्टी, रोगण, रंग, सगळ्यांखाली गाठी होत्या. तुम्ही जसं आपलं अक्षर ओळखता, तशी ती आपली गाठ ओळखत होती. "ही माझी नाही." पुढचा. "हीही नाही." तिसरा. "ही माझी, पण मंगळवारची. सावकाश मारलेली." चौथा, पाचवा. मी आत ऐकत होते. पावलं जवळ आली. तळहात माझ्या छतावरून हळूहळू सरकला, बरगडी बरगडी करत, आणि थांबला.

"शेवटच्या तीन गाठी घाईत मारल्यात," ती म्हणाली. "बाहेर बाबा थांबले होते."

ऑपलने पंखाला कान लावला. "ए, कुणीतरी विमानात बसून दांडा हलवा रे!" तार हलली, कप्पी फिरली, आणि मी सगळा जीव टोकात आणून तिच्यावर आपटले. टिंग! माझ्या जन्मातला तो एकच शब्द.

"आहे! बोलली!" ऑपल ओरडली.

मलिंडाने स्वतः सुरी चालवली. नवाकोरा, चकचकीत रंगवलेला पंख आपल्याच हाताने फाडला. बोटं आत आली, मला शोधलं, बाहेर काढलं. एमेटने आत डोकावून कप्पी पाहिली.

"साहेब," तो म्हणाला, "तुमच्या पाखराचं नाव आज मला कळलं. मोडका पंख दाखवतं, म्हणून पिल्लं वाचतात."

थोरले ट्रॉब्रिज हसले नाहीत. त्यांनी टॅगर्टबाईंकडे पाहिलं. टॅगर्टबाईंनी नियम आठवला, मग म्हणाल्या, "भोक रिकामं दिसलं तर काम सुटतं. सुई तर हातात आहे तिच्या. पण मग फळीतली बारावी सुई कुणाची? ऑपल, तू माझ्या खोलीत ये."

ठिगळ लावण्याआधी मलिंडाने पेन्सिल मागितली, हात आत घालून बरगडीवर काहीतरी लिहिलं, आणि मग शिवायला बसली. टाके मुंगीचे. रोगण वाळायला दोन दिवस गेले. तिसऱ्या दिवशी एमेट आला.

"शिवण पक्की?"

"पक्की."

"मग चल, बस मागच्या सीटवर."

"मी?"

"नाही तर कोण? तुझा शब्द, तुझं ठिगळ. अन् ती सुई खाली ठेव आधी."

"नाही ठेवणार," मलिंडा म्हणाली. "पुन्हा कुठे म्हणून ठेवणार नाही."

अशी मी उडाले, मित्रांनो. तिच्या मुठीत घट्ट. गहू खाली गेला, नदी दोऱ्याएवढी झाली. कापड वाऱ्याने तट्ट फुगलं, प्रत्येक टाका ताणला गेला, आणि एकही हलला नाही. टाक्यांना वर कसं वाटतं, ते मला कळलं. कुणीतरी हात घट्ट धरलाय, असं वाटतं.

बहिणींना परवानगी मिळायला पुरा एक हिवाळा लागला, पण मिळाली. पुढे लढाई आली. कारखान्यात सैन्याची विमानं बनू लागली, आणि लढाईचं काम मलिंडाच्या मंडळीला मान्य नव्हतं. तिने मला फळीत ठेवलं, दोनदा चाचपलं, आणि गेली. मग धातूची विमानं आली. कापड गेलं, टाके गेले, फळी अडगळीत गेली. कंपनी एका मोठ्या कंपनीने घेतली, दारावरचं नाव पुसलं. माझ्या अकरा बहिणी कुठे गेल्या, मला ठाऊक नाही. मी गावच्या संग्रहालयात आले. सळई म्हणून.

गेल्या महिन्यात तिथे एक जुनं किलडीअर आणलं. हौशी माणसं त्याचं कुजलेलं कापड काढत होती. एका पंखावर ठिगळ होतं. त्याखालच्या बरगडीवरची पेन्सिल अजून स्वच्छ होती. एका बाईने मोठ्याने वाचलं:

"इथे माझी सुई राहिली होती. मी सांगितलं, मी काढली. मलिंडा गॉर्टझन."

मग ती बाई उठली, माझ्या कपाटाशी आली, आणि चिठ्ठीकडे बघत राहिली. "अगं बाई," ती म्हणाली, "ही काय सळई आहे होय?"

मित्रांनो, हातातलं काम खाली ठेवताना एकदा फळी बघा. चुका चांगल्या सवयीतूनसुद्धा होतात. काही मागे राहिलं असेल, तर वरून रंग देऊ नका. सांगा, आणि आपल्याच हाताने उकला. ठिगळाची लाज नसते.

*हरपले ते सांगावे, झाकले ते उकलावे,*
*मग पाखरू सोडावे, आभाळात.*

आता थांबते. त्या जुन्या किलडीअरवर नवं कापड ताणून बसलंय, पंख काठावर उभा आहे, नेढ्यात मेणाचा दोरा आलाय. पलीकडे कोण बसलंय ते मला दिसत नाही, पण गुणगुणणं ऐकू येतंय. चला, मी निघाले पलीकडे.