तारामाशाचा अर्क

धाकटीचा नवरा शिंपल्यांच्या शेतीवर कामाला होता. खाडीत तराफे बांधलेले, तराफ्यांखाली दोर सोडलेले आणि दोरांना शिंपले लगडलेले, असा सगळा कारभार. त्याच्या ताब्यात मोटार लावलेली एक चपटी होडी होती, म्हणून धाकटी त्याला कॅप्टन म्हणायची. आधी चेष्टेने, मग सवयीने. पुढे तर मालकही त्याला त्याच नावाने हाक मारू लागला.

कॅप्टनला वैरी एकच, तारामासे. ते दोरांवर चढत, पाचही हातांनी शिंपला कवटाळून बसत आणि जरा फट पडली की आतला जीव खाऊन टाकत. तो त्यांना ओरबाडून काढायचा आणि किनाऱ्यावरच्या पिंपात भिरकावून द्यायचा. हे पिंपात जाणारे तारामासे थोरलीने मागून घेतले.

थोरली म्हणजे धाकटीची बहीण. ती एका संशोधन संस्थेत रसायनांवर काम करायची. तारामाशाच्या अंगात एक कडू पदार्थ असतो. पाण्यात हलवला की साबणासारखा फेसाळतो. त्या कडूपणामुळेच बाकीचे मासे त्याच्या वाटेला जात नाहीत. थोरलीने तो पदार्थ वेगळा काढून बशीत वाढवलेल्या कर्करोगाच्या पेशींवर टाकला, तर पेशी आक्रसून मेल्या. तेव्हापासून तिने दुसरं काही धरलंच नाही. बरोबरचे लोक विषय बदलून पुढे गेले, कोणी साहेब झाले. ही आपली तारामासे चिरत बसली. कॅप्टन आठवड्याला एकदा झाकणाच्या बादल्या घेऊन संस्थेच्या मागच्या दाराशी यायचा. "लोक मेव्हणीसाठी अत्तर आणतात," तो म्हणायचा, "आणि आमचं हे असं."

एकदा एका वर्तमानपत्राने थोरलीचा फोटो छापला. मथळा होता, तारामाशापासून कर्करोगावर औषध. पुढे प्रश्नचिन्ह होतं, पण ते बारीक. थोरली चिडली, कारण औषध असा शब्द तिने उच्चारलाही नव्हता. धाकटीचं कपडे शिवायचं दुकान होतं. तिने ते कात्रण माप घ्यायच्या आरशाला चिकटवलं आणि येणाऱ्या प्रत्येक बाईला टाचण्या तोंडात धरूनच सांगू लागली, "ही माझी ताई. हिला शिलाई मारायला सांगाल तर हात शिवून घेईल, पण डोकं बघा."

नंतरच्या थंडीत धाकटीचं पोट फुगायला लागलं. ती आपल्याच स्कर्टांच्या कमरा उसवून सैल करत राहिली, म्हणाली, वय झालं, सुटतंय अंग. हातपाय मात्र वाळत चालले होते. शेवटी कॅप्टनने तिला जवळजवळ ओढतच दवाखान्यात नेलं. अंडाशयाचा कर्करोग निघाला, आणि तो तिथेच थांबलेला नव्हता. ऑपरेशन झालं. नसेतून औषधं झाली. केस गेले. मग मधे काही महिने असे आले की घरात सगळ्यांनी श्वास सोडला. केस परत आले, ते कुरळे, आणि धाकटीने त्याचाही विनोद केला. त्यानंतर दुखणं उलटलं. डॉक्टरीणबाई हळू आवाजात म्हणाल्या, "आता आपण त्रास कमी कसा होईल, तेवढंच बघू." कॅप्टनने विचारलं, "म्हणजे?" थोरलीला म्हणजे काय ते कळलं होतं. तिने खिडकीकडे तोंड फिरवलं.

या सगळ्यात धाकटीने बहिणीला एका शब्दानेही 'तुझ्या औषधाचं काय' असं विचारलं नाही. विचारलं ते कॅप्टनने. आठवड्याच्या बादल्या खाली ठेवून तो त्या दिवशी परत फिरला नाही. प्रयोगशाळेपर्यंत आला आणि आपले ओले बूट बघून दारातच थबकला.

"ताई, तुमच्याकडे आहे ना ते?"

"आहे. पण ते औषध नाही, कॅप्टन."

"पेशी मरतात, तुम्हीच सांगितलंत."

"उकळतं पाणी ओतलं तरी बशीतल्या पेशी मरतात."

तो उभाच राहिला. मग थोरलीने एक छोटी नळी घेतली. तिच्यात प्रयोगासाठी आणलेलं रक्त होतं, मिठाचं पाणी घालून पातळ केलेलं, गढूळ लाल. तिने त्यात तारामाशाच्या अर्काचे थेंब टाकले. बघता बघता गढूळपणा गेला आणि नळीतलं रक्त सरबतासारखं आरपार दिसू लागलं.

"छान स्वच्छ झालं की," कॅप्टन म्हणाला.

"स्वच्छ नाही झालं. रक्तातल्या तांबड्या पेशी फुटल्या सगळ्या. हे तिच्या नसेत गेलं तर असंच होईल. गाठीआधी ती जाईल."

कॅप्टन नळीकडे बघत राहिला. "मग इतकी वर्षं तुम्ही काय करताय?" त्याच्या आवाजात राग नव्हता. त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं.

तिने सांगितलं. त्या पदार्थाच्या रेणूला साखरेची एक साखळी असते. ती कापून, बदलून बघायची, म्हणजे गाठीला मारेल पण रक्ताला सोडेल. तसा एक बदललेला पदार्थ हाती आला होता, नखाएवढा. नळीत तरी तो रक्ताला धक्का लावत नव्हता. गाठी असलेल्या उंदरांना तो देऊन झाला होता, आणि निकाल यायचा होता.

"आणि तो चांगला आला तर?"

"तर अजून कितीतरी वर्षं लागतील. तिच्यासाठी नाही होणार ते."

हे म्हणताना तिचं स्वतःचं मन ते मानत नव्हतं. घरी भांडी घासताना, बसची वाट बघताना ती एकच हिशेब करत होती: निकाल चांगला आला तर डॉक्टरीणबाईंच्या पाया पडायचं, कायदा गेला उडत, आपल्या नोकरीवर पाणी सोडायचं आणि ते नखाएवढं धाकटीला द्यायचं. कोणाजवळ ती हे बोलली नाही. कॅप्टनजवळ तर नाहीच.

निकाल आला. उंदीर धडधाकट होते, रक्त शाबूत होतं. आणि गाठी जशाच्या तशा होत्या, उलट वाढलेल्या. जी साखळी कापल्यामुळे रक्त वाचत होतं, तिच्याच जोरावर तो पदार्थ गाठीला मारत होता. दोन्ही गुण एकाच जागी होते. हे कधीतरी कळायचंच होतं; ते आत्ता कळलं. संस्थेचे प्रमुख खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "'नाही' हे उत्तरसुद्धा उत्तरच असतं." थोरली बरं म्हणाली, बाथरूममध्ये गेली आणि नळ सोडून बराच वेळ तिथेच बसून राहिली.

तिने हे कॅप्टनला फोनवर सांगितलं. तो फक्त "बरं" म्हणाला. त्या आठवड्यात बादल्या आल्या नाहीत. तिने त्याचा अर्थ सरळ लावला, की घरी आजारी माणूस, कुठे वेळ मिळणार.

सुट्टीच्या दिवशी ती धाकटीकडे गेली, तेव्हा जिन्यातच तिला तो वास आला. तो तिच्या ओळखीचा होता. अंगाला, केसांना, प्रयोगशाळेतल्या झग्याला इतकी वर्षं तोच चिकटत आला होता. स्वयंपाकघरात मोठ्या पातेल्यात तारामासे शिजत होते, वर पिवळट फेस आलेला. कॅप्टन तो फेस चमच्याने काढून फडक्यातून पेल्यात गाळत होता. त्याने वर पाहिलं, पण हात थांबवला नाही.

"कधीपासून?" थोरलीने विचारलं.

"तुमचा फोन आला तेव्हापासून."

"तुम्हाला दाखवलं होतं मी. रक्ताचं काय होतं ते डोळ्यांनी बघितलंत तुम्ही."

"नसेत दिलं तर. मी पोटात देतोय. आणि उकळलेलं आहे." तो फडकं पिळत म्हणाला. "तुमचं ते सौम्य केलेलं काही करत नाही, तुम्हीच म्हणालात. गाठ मारतं ते हेच."

थोरलीने गॅस बंद केला आणि आतल्या खोलीत गेली. धाकटी उशांना टेकून बसली होती. ओठ सुजलेले, कडांना फाटलेले. जिभेवरची साल निघालेली. उशाशी टमरेल होतं, त्यात ओकारीचा फेस आणि फेसात रक्ताचे धागे.

"तू हे का पितेस?" थोरली पलंगाच्या कडेला बसली. "तुला तरी कळायला हवं होतं. किती वेळा ऐकलंयस माझ्याकडून."

"कळतंय की." धाकटीला बोलायला त्रास होत होता, पण बोलायचं होतं. "अगं, तो बघतो गं माझ्याकडे. पेला संपेपर्यंत बघतो. लग्नात बघितलं नव्हतं इतकं."

"मी त्याला सांगते. आत्ताच्या आत्ता बंद."

"नको." धाकटीने तिचा हात धरला, धरलेला कळतही नव्हता. "तुला तुझी प्रयोगशाळा आहे, ताई. नाही जमलं तरी तू करत तरी होतीस. त्याने काय करायचं? खुर्चीत बसून मी मरतेय ते बघायचं? चार दिवस कडू पिऊन त्याला बरं वाटत असेल तर पिते मी."

"तुझं तोंड सोललंय. आत काय झालं असेल कोण जाणे."

"आत काय शिल्लक आहे खराब व्हायला," धाकटी म्हणाली आणि हसायला गेली, पण ओठाची चीर उघडली तशी थांबली.

थोरली तरीही बाहेर गेली आणि पातेलं मोरीत उपडं केलं. कॅप्टनने तिला अडवलं नाही. तो मोरीतल्या त्या शिजून मऊ पडलेल्या पाच-पाच हातांकडे बघत उभा राहिला. मग म्हणाला, "इतकी वर्षं मी तुम्हाला बादल्या भरून तारामासे दिले. एकदा तिच्यासाठी मागितलं तर तुम्ही मला नळी दाखवलीत." थोरलीला काही तरी बोलायचं होतं, पण जे सुचलं ते सगळं खरं होतं आणि त्यातलं एकही कामाचं नव्हतं.

तिसऱ्या प्रहरी तिने डॉक्टरीणबाईंना फोन करून सगळं सांगितलं. धाकटीला दवाखान्यात हलवलं. रक्त तपासलं तर हिमोग्लोबिन बरंच उतरलेलं होतं. कशाने, ते सांगता येत नव्हतं. दुखण्याने उतरलं असेल, आतड्यातून रक्त जात असेल, त्या काढ्यानेही असेल. रक्त चढवलं. दोन दिवस तिला जरा हुशारी आली. ती नर्सच्या गणवेशाची शिलाई बघून म्हणाली, "काखेत चुकलंय हो, मी नीट करून देईन." नंतर ती झोपेतच राहू लागली, आणि एका दुपारी, कॅप्टन खाली चहा आणायला गेलेला असताना, गेली. थोरली खोलीत होती. तिने बहिणीचा श्वास थांबलेला पाहिला, बेल दाबली आणि मग पांघरुणातून बाहेर आलेले तिचे पाय पुन्हा आत घेतले. कॅप्टन दोन कप घेऊन आला. दारातच त्याला कळलं. कप कुठे ठेवायचे हे त्याला सुचेना, तेव्हा थोरलीने ते त्याच्या हातातून घेतले.

अंत्यविधीला शिंपल्यांच्या शेतीवरचे लोक आले होते, दुकानातल्या गिऱ्हाईक बाया आल्या होत्या. त्यातली एक थोरलीच्या जवळ येऊन हलक्या आवाजात म्हणाली, "तुम्ही त्याच ना? माझ्या दिराला फुप्फुसाचा आहे. तुमचं ते समुद्रातलं औषध मिळेल का?" थोरलीने नाही म्हटलं. बाई म्हणाली, "आता तरी ते मिळायला लागेल ना पण?" तेवढ्यात थोरलीला दुसऱ्या कोणीतरी बाजूला नेलं.

सगळे गेल्यावर ती आणि कॅप्टन दोघंच घरात उरले. स्वयंपाकघराची खिडकी सताड उघडी होती. कॅप्टन टेबलाशी बसला, नखांनी टेबलावरचं काही तरी खरवडत.

"ताई, मी एकच विचारतो. तुम्ही शिकलेल्या आहात, मला खरं सांगाल. माझ्यामुळे लवकर गेली का?"

थोरलीने तोंड उघडलं. 'नाही' म्हणणं सोपं होतं. कोणीही तेच म्हणालं असतं. पण तिच्या डोळ्यांपुढे नळीतलं ते गढूळ लाल आलं, आणि त्याच्या जोडीला हेही, की तोंडावाटे दिलेलं रक्तात कितीसं उतरतं ते कोणी मोजलेलं नाही. आणि दुखणं त्या टप्प्यावर आलेलं असताना काही न देताही तिचं हेच झालं असतं. ती मनात वजन करत राहिली. तेवढा वेळ कॅप्टनला पुरेसा होता.

"मला माहीत नाही," ती शेवटी म्हणाली. "खरंच माहीत नाही. ती तशीही जाणार होती."

"तशीही," कॅप्टन म्हणाला.

"हो."

"पण तुम्ही 'नाही' म्हणाला नाहीत."

त्याने तिला शिव्या दिल्या असत्या तर तिला बरं वाटलं असतं. तो नुसता मान हलवत राहिला, जणू बऱ्याच दिवसांपासून माहीत असलेलं कोणी तरी त्याला पुन्हा वाचून दाखवलं होतं.

त्यानंतर तिला संस्थेने दुसऱ्या विषयावर घेतलं. शीतपेटीतले तारामाशांचे उरलेले अर्क कचऱ्याच्या पिवळ्या पिशव्यांत भरून जाळायला पाठवले गेले. त्याच्या पावतीवर तिनेच सही केली. मध्ये काही आठवडे गेले, आणि कॅप्टन कामावर जात नाही असं तिला शेतीच्या मालकाकडून कळलं. ती त्याच्याकडे गेली. त्याने दार उघडलं, तिला आत घेतलं, पाणी दिलं. दाढी वाढलेली, अंगावर तोच जुना स्वेटर. तिने विचारलं, जेवता का. तो हो म्हणाला. तिने विचारलं, कामावर कधी जाणार. तो म्हणाला, बघू. ती सांगायला आली होती की त्या दिवशी 'नाही' म्हणायला हवं होतं, की ते आजही म्हणू शकते: नाही, तुमच्यामुळे नाही. पण आता म्हटलेलं 'नाही' त्याला नुसतं दयेचं वाटलं असतं, आणि ते तसंच असतं.

बाहेर कोणाचं तरी मूल जिन्यात चेंडू आपटत होतं. मग ती उठली. कॅप्टन दारापर्यंत आला, "सावकाश जा" म्हणाला, आणि ती जिन्याच्या पहिल्या वळणावर पोचायच्या आतच तिला आतून कडी लागल्याचा आवाज आला.